यादोरावची साक्ष

यादोराव तेविसाव्या वर्षी म्हातारा झाला, आणि त्यानंतर दंडारीनं त्याला पुन्हा कधी तरुण होऊ दिलं नाही.

साल सत्तेचाळीस. दिवाळी झाली की आमच्या झाडीपट्टीत गावोगाव मंडई भरते. दुकानं लागतात, पाहुणेरावळे येतात, सोयरिकी जुळतात, आणि दुपारी मोकळ्या जागेत दंडार उभी राहते. आधी नाच, मग गाणं, मग राजाची गोष्ट. चिचटोल्याच्या दंडारीत म्हाताऱ्या बापाचं काम करणारा केवलराम नेमका मंडईच्या सकाळी तापानं फणफणला. दंडारीचा कर्ताधर्ता होता उमराव. गावचा मालगुजार तोच, यादोरावचा चुलत भाऊ तोच, आणि राजाचं काम जणू सातबाऱ्यावर लिहून घेतल्यासारखं दरवर्षी करणाराही तोच. त्यानं यादोरावला धरलं, डोक्यावर ओंजळभर तांदळाचं पीठ टाकलं आणि ढकललं पुढे.

यादोरावला बाप कसा करायचा ते ठाऊक नव्हतं. त्याला स्वतःचा बाप ठाऊक होता. त्यानं त्याचं खोकणं घेतलं, उठताना गुडघ्यावर हात ठेवून मधेच थांबणं घेतलं, आणि बोलायच्या आधी आपण काय बोलणार होतो ते विसरल्यासारखं बघणं घेतलं. खाली बसलेल्या बाया पदर डोळ्याला लावून रडल्या. केवलरामचा ताप चौथ्या दिवशी उतरला, पण त्याचं काम त्याला परत मिळालं नाही.

तिथून पुढची दहा वर्षं यादोराव हे झाला आणि ते झाला, राजा मात्र झाला नाही. कधी चिक्कू सावकार, कधी आंधळा भिकारी, कधी पटवारी, कधी सुनेला छळणारा सासरा. तो माणसं गोळा करायचा. गोंदियाकडच्या गोरेगावच्या बाजारात गेला की मीठ-मिरची घ्यायची विसरून एखाद्या कोपऱ्यात उभा राहायचा. पटवारी लेखणी जिभेला लावून मगच आकडा लिहितो, हे त्यानं तिथेच टिपलं. दारू प्यालेला माणूस झोकांड्या खात नाही, उलट नको इतका जपून चालतो, हेही तिथलंच. एकदा एका म्हातारीनं त्याला वांगी विकायला साफ नकार दिला, कारण आदल्या मंडईत त्यानं सुनेला भरपावसात घराबाहेर काढलं होतं. यादोराव रिकाम्या पिशवीनं घरी आला तो खुशीत. त्याची बायको जमुनाबाई म्हणाली, भाजी आणली नाही ती नाही, वर हसून काय राहिले?

आणखी एक गोष्ट त्याला साधली होती, आणि पुढे तीच त्याच्या मुळावर आली. वर्षभराच्या गावातल्या भानगडी सोंगात आणायच्या ही दंडारीची जुनी रीत. लिहिलेलं बोलून झालं की पात्र पदरचं बोलतं, आणि लोक वाट पाहतात ती त्याचीच. दुसऱ्याला चिमटा काढला तर भांडण व्हायचं, म्हणून यादोराव सगळं स्वतःच्या अंगावर घ्यायचा. एका वर्षी शाळेच्या छपरावरचे कवेलू चोरीला गेले होते. कोणी नेले हे अख्ख्या गावाला माहीत होतं आणि अख्खं गाव मूग गिळून बसलं होतं. यादोरावनं भरल्या मंडईत छाती पिटत सांगितलं की ते कवेलू मीच नेले हो, माझ्या घराच्या वळचणीखाली या आणि मोजून घ्या. हसून हसून लोकांची पोटं दुखली. खरा चोर सगळ्यात जोरात हसला.

पण त्याचं गाजलेलं काम म्हणजे खोट्या साक्षीदाराचं. राजापुढे उभा राहून तो एका निरपराध माणसाला बुडवायचा. इतर कोणी असता तर मिशीला पीळ देऊन, डोळे फिरवून बोलला असता. यादोराव तसं करत नसे. तो खाली पाहायचा, ओठ ओले करायचा, सांगायचं जिवावर आल्यासारखा थांबायचा आणि मग हळूच खोटं बोलायचा. ऐकणाऱ्याला वाटे, एवढ्या जड मनानं बोलणारा माणूस खोटं कसं बोलेल? मग राजा म्हणजे उमराव दोन पावलं बैलासारखी टाकायचा, अर्धं वाक्य विसरायचा आणि निरपराध्याला देशोधडीला लावायचा. टाळ्या साक्षीदाराला पडायच्या, हार राजाला.

यादोरावच्या मनात हे सलत होतं. मुकुट एकदा आपल्या डोक्यावर यावा एवढंच त्याला हवं होतं. एका वर्षी त्यानं धीर करून उमरावला विचारलंही. तुझ्या तोंडाला राजा शोभत नाही, असं म्हणून उमराव पान लावायला लागला. पुढे एक्कावन्न साली सरकारनं मालगुजारी काढून घेतली, तलाव सरकारजमा झाला. उमरावकडे राहिला तो फक्त पुठ्ठ्याचा मुकुट, आणि तो तर त्यानं आणखीच घट्ट धरला.

तलाव सरकारजमा झाला तरी पाणी गावचं गावातच वाटलं जायचं. चिचटोल्याचा तलाव कोहळी समाजाच्या पूर्वजांनी बांधलेला. पाऊस दगा देई तेव्हा त्यातलं पाणी पाळीपाळीनं धानाला सोडत. पाणी सोडायचं तोंड, त्याला आमच्याकडे तुडुम म्हणतात, ते उघडायचं आणि बुजवायचं काम पाटकऱ्याचं. पाटकरी होता सुखराम. अबोल माणूस. उमरावची दोन एकर जमीन तो ठेक्यानं करायचा, बायको नंदाबाई आणि तो असे दोघंच. कोणाला एक घटका पाणी जास्त दिलं नाही म्हणून त्याच्यावर रागावलेली माणसं गावात पुष्कळ होती, आणि पाटकऱ्याला याहून चांगलं प्रशस्तिपत्र नसतं.

सत्तावन्न साली भादव्यातच पाऊस तुटला. धान ऐन गर्भात. तलावात पाणी असं की जपून वापरलं तर सगळ्यांना एकेक पाळी मिळावी. सहा दिवस पाणी नीट फिरलं. सातव्या सकाळी लोक उठून पाहतात तो तलाव दोन हात खाली गेलेला. रात्री कोणीतरी तुडुम उघडलं होतं, आणि पाणी नाल्यानं शेजारच्या गावाकडे वाहून गेलं होतं. नाल्याच्या काठी उमरावची उसाची वाडी. ती तुडुंब भरली होती. उमराव म्हणाला, पाणी जाता जाता वाटेत लागलं. पाटकऱ्यानं शेजारच्या गावाला पाणी विकलं, आणि माझ्या उसाचं नाव फुकट होऊन राहिलं.

गावातली कुजबूज मात्र उमरावच्या उसावरच संशय घेणारी होती. त्या संध्याकाळी उमराव यादोरावच्या अंगणात येऊन बसला. जमुनाबाईनं पाणी दिलं, ती तापलेल्या पोरीपाशी आत गेली. उमरावनं आडवळण घेतलं नाही.

"सुखरामले तुनं पायलं असं सांगाचं. तुडुमापाशी, राती. बाकी मी पायतो."

यादोराव म्हणाला, दादा, मी कुठे पाहिलं? मी घरी होतो.

"तुले पायाले कोण सांगते? बोलाले सांगून राहिलो. तुह्यासारखं बोलणं कोणाले जमते?" उमराव उठला, धोतर झटकलं. "अना यंदाच्या मंडईत राजा तू. माहे गुडघे साथ देऊन नाई राहिले."

माणसाचं मन मोठं लबाड. यादोरावनं कधीच स्वतःशी असं म्हटलं नाही की मी एका माणसाला बुडवणार आहे. तो म्हणाला, एक प्रवेश तर आहे. पाटकरीपण गेलं तर गेलं, सुखराम तरुण आहे, दुसरं काही करेल. एवढं बोलून त्यानं मनाची समजूत घातली, आणि उरलेला वेळ कुठे उभं राहायचं आणि आवाज किती ठेवायचा याचा विचार केला.

दुसऱ्या दिवशी चावडीपुढे पंच बसले. यादोराव उभा राहिला. त्यानं खाली पाहिलं. ओठ ओले केले. मग सुखरामकडे एकदाच पाहिलं आणि मान फिरवली.

"मले सांगू वाटत नाई. तो माह्या लहान्या भावासारखा. पण पायलं ते पायलं."

संपलं. सुखरामला शपथा घ्यायच्या सुचल्या नाहीत. मी उघडलं नाही एवढंच तो म्हणाला, तेही इतक्या कोरडेपणानं की पंचांना ते उद्धटपणाचं वाटलं. पाटकरीपण गेलं. ठेक्याची जमीन उमरावनं उभ्या धानासकट काढून घेतली. चार दिवसांनी सुखराम छोट्या रुळांच्या रेल्वेगाडीनं गोंदियाला गेला आणि राइस मिलमध्ये पोती उचलायला लागला. नंदाबाई मागे राहिली, तिच्या सासऱ्याच्या नावच्या चिमूटभर बांधीतलं धान कापायचं होतं म्हणून. साक्ष झाली त्या रात्री जमुनाबाई नवऱ्याला जेवायला वाढून गेली आणि त्याच्यापुढे बसली नाही. दहा वर्षांत असं पहिल्यांदा झालं. यादोरावला त्याचा अर्थ कळला, आणि त्यानं तो कळला नाही असं केलं. सोंगाड्याला ते सोपं जातं.

मंडई आली. यादोरावनं मिशी कोरली, गालाला रंग लावला, मुकुट घातला. पीठ नाही, कुबड नाही, खोकला नाही. लोकांनी त्याला पाहिलं आणि आधी हसलेच, कारण त्यांना वाटलं, राजाचं सोंग घेतलेला हा कोणी लबाड असणार. उमराव पेटीवाल्याशेजारी पाटावर बसला होता. साक्षीदाराचं काम आता केवलरामकडे आलं होतं. केवलरामनं डोळे फिरवले, मिशीला पीळ दिला आणि खोटं असं ठणकावून बोलला की लहान पोरांनाही कळावं. आता राजानं निकाल द्यायचा.

यादोरावनं मान वर केली. समोर माणसांच्या मागे, बांगड्यांच्या दुकानाच्या कडेला नंदाबाई उभी होती. धान कापून थेट आली असावी, डोक्याला फडकं बांधलेलं होतं. ती गोष्ट पाहत नव्हती, त्याच्याकडे पाहत होती. यादोरावला वाक्य आठवेना. पाठ होतं, दहा वर्षं ऐकलेलं होतं, पण तोंडात येईना. तो खुर्चीवरून उतरला आणि राजाची भाषा सोडून घरच्या बोलीत बोलायला लागला.

"थांबा. हा काय खोटा बोलते, याच्याहून मोठा खोटा त्या खुर्चीवर बसला होता. मी सुखरामले तुडुमापाशी पायलं नाई. पायलं मनून सांगतलं. तो गावातून गेला अना मले हा मुकुट भेटला." त्याला खरंच रडू कोसळलं. "त्याचं काई चुकलं नाई. माहं चुकलं."

यादोरावला वाटलं, झालं, आता लोक उठतील, धरतील, मारतील, मारू देत. आणि मग मागून कुठूनतरी एक टाळी वाजली. तिच्यामागे दुसरी. मग सगळी मंडई टाळ्यांनी फुटली. बाया रडत होत्या आणि हसतही होत्या. कवेलूंच्या वर्षी बोलला होता त्याच्यावर यानं आज कडी केली, राजा होऊन स्वतःच्याच तोंडाला काळं लावून घेतलं! लोक ओरडायला लागले, वन्स मोर, वन्स मोर.

त्या सगळ्या गर्दीत नंदाबाईशिवाय एकाच माणसाला ठाऊक होतं की हे सोंग नाही. तो पाटावरून उठला. पण उमराव काही कच्च्या गुरूचा चेला नव्हता. स्वतःच्या गळ्यातला हार काढून त्यानं यादोरावला घातला आणि हात वर करून म्हणाला, लोकांचा हुकूम आहे, राजेसाहेब, होऊन जाऊ द्या पुन्हा.

यादोराव पुन्हा बोलला. त्याला वाटलं, दुसऱ्यांदा ऐकून तरी कळेल. पण बोलता बोलता त्याच्या ध्यानात आलं की "मुकुट भेटला" याच्या आधी आपण किंचित थांबलो. पहिल्या वेळी थांबलो नव्हतो. तिथं थांबलं की वाक्य चांगलं पडत होतं. टाळ्या पहिल्यापेक्षा मोठ्या पडल्या, आणि खरं सांगायचं तर त्याला त्या गोड लागल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो नंदाबाईच्या झोपडीपुढे गेला. ती पेंढ्या झोडपत होती. त्यानं सांगितलं, काल बोललो ते खरं बोललो. तिनं पेंढी खाली ठेवली.

"माह्यासाठी बोलले का लोकायसाठी?"

तो म्हणाला, तुझ्यासाठी.

"मंग दुसऱ्या डाव काऊन बोलले?"

ती पेंढी झोडपायला लागली, आणि तो उभा होता तसा निघून आला. महिनाभरानं तीही झोपडीला काटी लावून गोंदियाला निघून गेली.

पंचांकडेही तो त्याच दिवशी गेला, नाही असं नाही. एक पंच म्हणाला, यादोराव, काल तर तू रडवलंस बा. दुसऱ्यानं आपल्या साळ्याला बोलावून आणलं आणि म्हणाला, याला ऐकव, हा काल नव्हता. यादोराव उमरावकडे गेला. उमराव पान खात होता. तो शांतपणे म्हणाला, सांग ना, मी कुठे अडवलं? जितक्या वेळा सांगशील तितक्या टाळ्या घेशील.

आणि तसंच झालं. चिचटोल्याच्या राजाची कीर्ती पसरली. गोरेगावहून बोलावणं आलं, दवनीवाड्याहून आलं, नावंही माहीत नसलेल्या गावांहून बैलगाड्या आल्या. दहा वर्षं ज्याला कोणी नावानं विचारलं नाही, त्याच्या नावावर आता मंडया भरायला लागल्या. प्रत्येक गावी लोक एकाच गोष्टीची वाट पाहायचे, राजा खुर्चीवरून कधी उतरतो. यादोराव स्वतःला सांगे, मी हे सुखरामसाठी करतोय, कुठल्यातरी गावात कोणीतरी एक शहाणा भेटेल आणि म्हणेल की हे खरं आहे. ही झाली मनाची समजूत. तो दर गावी कुठे थांबायचं ते सुधारत होता. दवनीवाड्याला तर रडू वेळेवर येईना, तर त्यानं बापाचं मरण आठवून आणलं. अशा माणसाला काय म्हणावं? निर्लज्ज म्हटलं तर तो रात्र रात्र जागा असायचा. पश्चात्तापी म्हणावं तर सकाळी उठून मिशी कोरायचा.

जमुनाबाई एकाही मंडईला गेली नाही. माघात एकदा तिनं त्याच्या पिशवीत भाकरी बांधून ठेवली आणि म्हणाली, गोंदियाची गाडी सकाळी जाते. तो गेला.

राइस मिलच्या आवारात भुशाचा लोट उठला होता. मुकादम हिंदीत ओरडत होता, चलो चलो, जल्दी करो. सुखराम पाठीवर पोतं घेऊन फळीवरून चढत होता. उतरल्यावर त्यानं यादोरावला पाहिलं, ओळखलं, घाम पुसला. यादोरावनं हात जोडून सगळं सांगितलं. सांगताना आपण कुठे थांबतो आहोत हे त्याला कळत होतं, आणि ते थांबवता येत नव्हतं. सुखरामनं ऐकून घेतलं.

"मले कायले सांगता? मी तुडुम उघडलं नाई हे मले मालूमच आहे. गावाले सांगा."

यादोराव म्हणाला, गावाला सांगितलं, दहा गावांना सांगितलं. गाव टाळ्या वाजवतं.

"मंग टाळ्या नाई वाजल्या पायजे असं सांगा." एवढं बोलून सुखराम पुढचं पोतं घ्यायला वळला. त्याच्या मानेवर पोत्यानं पडलेला लाल पट्टा होता. यादोराव तो पाहत राहिला, आणि पाहता पाहता त्याच्या मनात आलं की हमालाची चाल अशी असते, डावा खांदा आधी पडतो. मग त्याला स्वतःचीच शिसारी आली. तो स्टेशनवर येऊन बसला, आणि गाडी येईपर्यंत त्यानं कोणत्याही माणसाकडे पाहिलं नाही.

त्यानंतर त्यानं दंडारीची बोलावणी घेतली नाहीत. लोक म्हणाले, यादोराव भाव खाऊन राहिला.

चैत्र गेला. वैशाखात दरवर्षी तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, माती टाकायची असते. घराघरातून एक बाई, एक पुरुष यायचा, बाया टोपल्या वाहायच्या, पुरुष खणायचे. त्या सकाळी सगळं गाव पाळीवर होतं. उमराव छत्री घेऊन आंब्याखाली उभा होता. गाव जमलं की यादोरावनं फावडं खाली ठेवलं आणि म्हणाला, मला बोलायचं आहे.

लोकांचे चेहरे फुलले. बाया टोपल्या उपड्या घालून त्यावर बसल्या. कोणी म्हणालं, बसा रे, राजाचं होऊन राहिलं. उमरावही हसला.

यादोरावनं तोंड उघडलं आणि त्याला कळलं की आपल्याजवळ शब्दच उरलेला नाही. होता नव्हता तो प्रत्येक शब्द कुठल्या ना कुठल्या मंडईत खर्च झाला होता. मुकुट म्हणावं तर ते वाक्य झालं. खोटा म्हणावं तर तेही वाक्यच. तो अडखळला.

"भादव्यात ते... पाणी गेलं तवाचं. मी मनलं होतं का मी पायलं. तं मी तसं... सुखराम नव्हता. मनजे असन का नसन, मले मालूम नाई. मी काई पायलं नाई."

आवाज बारीक पडला होता. हात कुठे ठेवावे ते कळत नव्हतं, ते त्यानं उगीच धोतराला पुसले. डोळे कोरडे होते. लोक वाट पाहत राहिले. पुढे काहीच येईना. मागून एक जण कंटाळून म्हणाला, आज काई जमून नाई राहिलं बा. दोघंतिघं हसले आणि हसू मधेच विरलं. एक बाई उठून टोपली घ्यायला वाकली.

बोरीच्या झाडाखाली चैतराम बसला होता. सत्तरीचा, खालच्या बांधीवाला. त्याचं सगळं धान त्या वर्षी वाळून गेलं होतं. त्याला कधी दंडारीची आवड नव्हती, मंडईला तो बैल पाहायला जायचा. त्यानं विडी विझवली.

"मंग त्या राती तू कोठी होता?"

यादोरावनं त्याच्याकडे पाहिलं. आठ महिन्यांत, एवढ्या गावांत, एवढ्या टाळ्यांत हे कोणीच विचारलं नव्हतं.

"घरी," तो म्हणाला. "झोपलो होतो."

"रातभर?"

"रातभर."

"कोण सांगते?"

"मी सांगते," जमुनाबाई म्हणाली. ती टोपलीवरून उठली होती. पंचांपुढे गावातली बाई कधी बोलली नव्हती, पण पाळीवर पंच बसलेले नव्हते, सगळेच मातीनं भरलेले उभे होते. "घरीच होते. मी जागी होती, पोरीले ताप होता. हे घोरत होते. मले सारं मालूम होतं अना मी तोंड उघडलं नाई. सुखरामचं घर मीबी मोडलं."

तिनं नवऱ्याकडे पाहिलं नाही. आता मात्र लोक हलले. एकानं विचारलं, मग तू पाहिलं म्हणून कोणी सांगायला लावलं? यादोराव म्हणाला, उमरावदादानं, माझ्या अंगणात बसून. दुसऱ्यानं विचारलं, कधी? कोणत्या दिवशी आला होता तो तुझ्या अंगणात? प्रश्न इकडून तिकडून यायला लागले, वेडेवाकडे, एकमेकांत घुसणारे, आणि यादोराव एकेकाला जमेल तसं उत्तर देत होता, काही चुकत होता, चुकलं की दुरुस्त करत होता. पुन्हा दंडारीत त्याला कोणी उभं करणार नाही, पाण्याची पाळी शेवटची मिळेल, लोक तोंडावर थुंकतील, हे त्याला दिसत होतं. तरी तो बोलत राहिला.

उमरावनं छत्री मिटली. ऊन चढून राहिलं, असं म्हणत त्यानं लोकांना टोपल्या उचलायला सांगितल्या. कोणी टोपली उचलली नाही.

चैतराम गुडघ्यावर हात टेकून उठला. मालकाशी बोलताना डोक्याचं फडकं काढायची त्याची सवय होती, तसं त्यानं ते काढलं आणि आंब्याकडे वळला.

"अना मालक," त्यानं विचारलं, "त्या राती तुमी कोठी होते?"